दुसरं टोक

अच्युत कॅमेऱ्याचा माणूस, पण दिव्यांशी त्याचं कधी जमलं नाही. दारा-खिडकीतून येईल तेवढा उजेड पांढऱ्या चादरीवर घ्यायचा आणि अलगद चेहऱ्यावर परतवायचा, एवढीच त्याची कारागिरी. अठ्ठ्याहत्तरच्या जानेवारीत देवळीजवळच्या एका खेड्यात त्याचा पहिला स्वतंत्र चित्रपट चालला होता. नागपूरहून येणारे दिवे त्यानेच ऐटीत नाकारले होते, आणि दिग्दर्शिका मीराने मान डोलावली होती.

नेमकं शेवटच्या दिवशी आभाळ आलं. फिल्मचं एकच रीळ उरलेलं. गावातल्याच आनंदाबाईंनी आतल्या खोलीत बसून गहू निवडायचे, दाराकडे मान वर करायची, की चित्रपट पुरा. हे फसलं तर मीराची सगळी मेहनत वाया, आणि बिनदिव्यांच्या छायाचित्रकाराला पुन्हा दारात कोण उभं करणार? 

अच्युत अंगणात चादर बांधू लागला तशा आनंदाबाई हसल्या.

"आमचे हे बी असंच करत. मी गहू निवडाले बसली का अंगणात धोतर धरून उभे राह्यत, आत उजेड पाडाले. एकटेच. दुसरं टोक लोंबतच राह्ये. मी म्हणो, येतो धराले. तं म्हणत, तू तुयं काम कर."

"आता कुठे असतात ते?"

"गेले ना बापा. लय वर्सं झाली."

आभाळ आणखी दाटलं. चादरीचा काही उपयोग होईना, तेव्हा त्याने ती सोडून घडी घातली. खोलीत सुपातले गहूही धड दिसत नव्हते. सवयीने त्याने उजेड मोजायचं मीटर आनंदाबाईंच्या गालाशी धरलं.

सुई वर चढली.

त्याने मीटर भिंतीकडे नेलं. सुई पडली. पुन्हा गालाशी आणलं. चढली.

"बिघडलंय ते," मीरा कुजबुजली.

सुईचं ऐकायचं आणि ती खोटी निघाली, तर पडद्यावर नुसता काळोख येणार होता. अच्युतने अंगणात पाहिलं. चिटपाखरू नव्हतं. आनंदाबाई मात्र तिकडे बघून गालातल्या गालात हसत होत्या.

त्याने सुईचं ऐकलं.

मुंबईत रीळ धुऊन आलं. पडद्यावर आनंदाबाईंनी मान वर केली आणि त्यांचा चेहरा मऊ उजेडाने भरून गेला. मीराला रडू आलं. मग तिने त्याचा दंड घट्ट धरला.

"अच्युत, चादर कोणी धरली होती?"

आनंदाबाईंच्या दोन्ही बुबुळांत एक पांढरी पट्टी चमकत होती. तिच्यामागे एक माणूस उभा होता. पट्टीचं दुसरं टोक लोंबत होतं.

त्या एका दृश्याने अच्युतचं नशीब उघडलं. लोक त्याच्या उजेडासाठी थांबू लागले. आभाळ आलं की बाकीचे हात चोळत बसायचे, हा मात्र खुशीत मीटर काढायचा. भीती केव्हाच सरली होती. प्रत्येक चित्रपटात, कुणाच्या ना कुणाच्या डोळ्यांत, तो माणूस एकटाच उभा असायचा.

शहाऐंशीत पुन्हा त्याच भागात, समुद्रपूरला काम निघालं. तिथेच त्याला कळलं, आनंदाबाई दिवाळीत गेल्या. त्याला फार वाईट वाटलं. त्या दिवशीही आभाळ होतं, आणि सुई कधी नव्हती एवढी वर चढली.

रीळ धुऊन आलं तेव्हा तो पडद्याच्या अगदी जवळ जाऊन बसला. नायिकेने डोळे उचलले.

धोतर ताठ ताणलेलं होतं. दुसऱ्या टोकाशी डोईवर पदर घेतलेलं कुणीतरी उभं होतं.