कार्डावरचं नाव

भाताला उकळी फुटते न फुटते तोच स्टो भक्कन विझला! सरोजिनीनं टाकी हलवून पाहिली. रॉकेलचा थेंब नव्हता.

"घ्या! आता खा कच्चे तांदूळ!" ती मोठ्यानं म्हणाली. वाशीतल्या त्या नव्या घरात ती स्वतःशीच बोलायची. ऐकायला दुसरं होतंच कोण? ब्याऐंशी साल. गॅसचा नंबर लागायचा होता. रॉकेलला रेशनकार्ड हवं, आणि कार्डाला गिरगावच्या जुन्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला हवा. तो काढायचा होता नंदकुमारनं, तिच्या धाकट्या भावानं. तिनं तीन पत्रं धाडली, एकाचं उत्तर नाही... वडील गेल्यावर ज्याच्या शिक्षणापायी तिनं दोन स्थळं परत पाठवली, ज्याच्या नि वैजूच्या संसाराला गिरगावची एकुलती एक खोली मोकळी व्हावी म्हणून ‘मला खाडीचा वारा मानवतो’ असं धडधडीत खोटं सांगून ती इकडे आली, त्याला बहिणीसाठी एक रांग लावता येऊ नये! माझ्या वाटची साखर खातोय मेला, असंही तिच्या मनात येऊन गेलं.

दुपारी दार वाजलं. दारात नंदू! पिशवीत रॉकेलचा डबा.

"कंडक्टरनं चढू दिलं तुला?"

"वर पेरू रचले होते."

"आणि दाखला?"

नंदूनं घडी घातलेला फॉर्म पुढे केला. कोरा!

"ताई, तीनदा रांग लावली गं. कारकून विचारतो, नाव का कमी करायचं? मयत, लग्न की स्थलांतर? लग्न लिहायला हवं होतं... ते माझ्यापायी राहिलं! आणि कुटुंबप्रमुख म्हणून तुझंच नाव सगळ्यांत वर. ते कुठल्या तोंडानं खोडू? तुला काय कळवणार होतो?" आणि तो एवढा मोठा माणूस ओक्साबोक्शी रडायला लागला.

सरोजिनीनं त्याला हाताला धरून आत बसवलं. काय काय मनात आणलं आपण याच्याबद्दल!

"वैजूला सातवा लागलाय. तीही म्हणते, परत चल ताई."

क्षणभर तिचा जीव धावला... पण खोली एकच होती.

तिनं पेन घेतलं. ‘स्थलांतर’ लिहिलं, आणि नव्या कुटुंबप्रमुखाच्या रकान्यात स्वच्छ अक्षरात त्याचं नाव घातलं.

"कर सही. आणि कागद भिजवू नकोस, पुन्हा रांग लावावी लागेल." तिनं पदरानं त्याचे डोळे पुसले. "वैजूला सांग, बाळाचं नाव आत्या ठेवते. मी ठेवीन तेच कार्डात घालायचं!"