सात ताठ धागे

"लोकरीचे दोनशे धागे हवेत. बोटभर लांबीचे. सगळे अगदी सारखे."

मावशीच्या शिवणाच्या दुकानात अशी मागणी घेऊन आजवर कुणी आलं नव्हतं. भाचीने मशीनवरून मान वर केली. दारात एक उंच, हडकुळा माणूस उभा होता. डोळे आठवडाभर न झोपल्यासारखे, शर्टाचं बटण एका दोऱ्यावर लोंबकळलेलं.

"उंदरांना स्वेटर विणताय वाटतं?"

"नाही... वारा बघायचाय."

"वारा दिसतो?"

"धागा लावला तर दिसतो," तो म्हणाला, आणि तिच्याकडे बघतच राहिला.

"मला आधी ते बटण दिसतंय. इकडे या."

त्याच्या अंगावरच तिने बटण शिवलं. तो श्वास रोखून ताठ उभा.

"श्वास घ्या हो, सुईने माणूस मरत नाही."

"शर्ट काढूनही देता येतो म्हटलं!" आतून मावशी खोकली.

तिचे एकसारखे कापलेले धागे पाहून त्याने तिला कामालाच बोलावलं. काम काय, तर लांबलचक बोगद्यात एका टोकाला घराएवढा पंखा, आणि मध्ये विमानाच्या पंखाचा लाकडी नमुना. त्यावर धागे चिकटवायचे, फक्त एका टोकाने, थेंबभर डिंक लावून. वारा सुटला की धागे गवतासारखे मागे निजले पाहिजेत. जिथे वळवळतात, उलटे फिरतात, तिथे वाऱ्याने पंखाला सोडलेलं असतं. आणि वाऱ्याने सोडलेलं विमान कुणी झेलत नाही.

हे सांगताना तो त्या नमुन्यावर हात फिरवत होता. याच घडणीच्या पंखाचं विमान घेऊन वर्षापूर्वी त्याचा थोरला भाऊ उडाला होता, तो परतला नाही. चौकशीवाल्यांनी कागदावर एक ओळ लिहिली: चूक वैमानिकाची. आईला पोराचं दुःख होतंच, त्यावर ही लाज येऊन बसली. आता दुसरं विमान तयार होतं, आणि या खेपेला तो स्वतः वैमानिकाशेजारी बसणार होता.

शेवटच्या चाचणीत नमुन्याची पुढची कड वर उचलली, आणि पंखाच्या मुळाशी सात धागे थयथय नाचू लागले.

"शिंपीणबाई, हे चिकटवलेत की नुसते टेकवलेत?" मोठे साहेब सगळ्यांदेखत ओरडले. "सुटतायत तुमचे धागे!"

तिची शिवण सुटली असं आजवर कुणी म्हटलं नव्हतं. मान खाली घालून तिने ते सात धागे काढले आणि नवे लावले. डिंक दुप्पट, शेंड्यापर्यंत चोळून. संध्याकाळी पंखा सुरू झाला... सातही धागे गपगार निजलेले. साहेबांनी टाळी वाजवली. काचेपलीकडून तो तिच्याकडे बघून हसला. वर्षात पहिल्यांदा.

निघताना म्हणाला, "परवा उड्डाण. उतरलो की मावशींच्या दुकानात येतो."

"कशाला? माझी शिवण पक्की आहे."

"बटण तोडून येईन... काहीतरी निमित्त हवंच ना."

दुसऱ्या दिवशी सकाळी नमुन्यावरचे धागे काढायचं काम तिचंच होतं. बाकीचे मऊ, लगेच निघाले. ते सात मात्र खराट्याच्या काड्यांसारखे. एक वाकवला... कटकन मोडला.

वारा शांत झालाच नव्हता. तिने त्याचं तोंड चिकटवलं होतं.

केराची बादली पायाशीच होती. टाकले असते तर कुणाला कळणार होतं? आणि उद्या तो त्याच पंखाच्या भरवशावर उडणार होता. ती धागे मुठीत घेऊन धावली.

"मी शहाणपणा केला," तिने सातही धागे त्याच्या टेबलावर ठेवले. "माझं नाव जाईल म्हणून डिंक चोळला. हे वाऱ्याने हललेच नसते. तुम्ही उद्या जायचं नाही."

त्याने एक धागा मोडून पाहिला. मग म्हणाला, "पुन्हा लाव. पहिल्यासारखे."

पहिल्यांदाच 'तू' म्हणाला, तेही असल्या वेळी.

पंखा फिरला. सातही धागे उलटे वळून तडफडू लागले. साहेबांनी उड्डाण थांबवलं आणि तिला उद्यापासून येऊ नकोस म्हणून सांगितलं. जिने विमान वाचवलं तिचंच काम गेलं. तिला त्याचं काही वाटलं नाही. ती त्याच्याकडे बघत होती. काचेला कपाळ टेकून तो उभा होता.

"म्हणजे दादा चुकला नव्हता."

"नाही."

"आणि पंखाचा आराखडा मी काढला होता."

तुमचा काय दोष, असं ती म्हणाली नाही. खोटं एकदा चिकटवून झालं होतं. ती फक्त त्याच्या शेजारी उभी राहिली, खांद्याला खांदा लागेल इतकी जवळ.

"आईला सांगायला हवं," तो म्हणाला. "आजच. पण तोंड उघडेल का माझं... तू येशील?"

"कोण म्हणून? त्या विचारतील ना."

"माझी म्हणून... चालेल?"

"विचारायला वेळ बरी शोधलीत!" ती म्हणाली, आणि पदराने डोळे पुसले. मग ते सात ताठ धागे तिने रुमालात बांधले. "डिंकाचं मी सांगेन. पंखाचं तुम्ही सांगा."

त्याच्या घराच्या दाराशी त्याचा हात कडीपाशी जाऊन थांबला. तिने तो आपल्या हातात घेतला, आणि दुसऱ्या हाताने कडी वाजवली.