नुसत्या हाकेला ओ

त्या जुनाट राखीव जंगलाच्या मधोमध रानफुलांचं एक कुरण होतं. फुलांचं बी झडून गेलं की तिथलं गवत वर्षातून एकदा कापायचं, तेही हातानेच, यंत्राला बंदी. हे काम एका नवराबायकोकडे होतं. नवऱ्याला सगळे बडबड्याच म्हणत. तोंडाचा पट्टा एकदा सुटला की थांबायचं नाव नाही! "देवा, यांना घटकाभर तरी गप्प कर रे," असं बायको त्या सकाळीही म्हणाली होती.

गवत छातीएवढं. एकमेकांच्या विळ्याखाली येऊ नये म्हणून दोघं अधूनमधून हाक मारत. पण म्हाताऱ्या राखणदाराने एक नेम घालून दिला होता. आधी धारेचा दगड विळ्यावर वाजवायचा, मग हाक. "नुसत्या हाकेला ओ द्यायची नाही," तो बजावायचा. "जंगल फार जुनं आहे. ऐकून ऐकून शिकलंय."

दुपारी झाडांतून धुकं उतरलं आणि कुरण भरून गेलं. कुजक्या पानांचा ओला वास आला. हातात धरलेलं गवतही दिसेना.

टिंग. "अहो, आहात का?"

"आहे गं, आहे! तुला सोडून जातोय कुठे?"

ती हसली. पुन्हा वाकली.

"अहो... आहात का?"

तिचाच आवाज. झाडांकडून आलेला. तिने तर तोंडही उघडलं नव्हतं, आणि दगड वाजला नव्हता. ओ देऊ नका, असं ओरडायला तिने तोंड उघडलं, पण उशीर झाला होता.

"आहे गं, आहे!" बडबड्या नेहमीच्या उत्साहाने म्हणाला.

ती गवत तुडवत धावली. तो नुसताच उभा होता. विळा आणि दगड पायाशी पडलेले. तिने त्याचं मनगट धरलं आणि फरफटत त्याला कुरणाच्या फाटकाबाहेर काढलं. फाटक लावलं, कडी घातली. वाटभर तो चकार शब्द बोलला नव्हता.

"बोला ना काहीतरी..." ती रडकुंडीला आली. "तुमच्या पाया पडते, हवी तेवढी बडबड करा. अहो, आहात ना?"

त्याचे ओठ हलले.

"आहे गं, आहे!" आवाज आला तो मागून, कुरणातून.

तिने दोन्ही हातांनी त्याला घट्ट मिठी मारली. धुक्यात कोणीतरी गवतातून काहीतरी उचलल्यासारखी सळसळ झाली.

टिंग.