पायरीवर एकही चप्पल नाही

“माझा नियम एकदम साधा,” वीरेंद्रभाऊ माइकवर सांगत होते. “जिथं जाऊ तिथं पायरीशी चपला काढायच्या. निघताना मी पायरी बघणार. पायरीवर चप्पल नाही, म्हणजे मागे माणूस नाही. आजवर माझा एक पॅसेंजर हरवला नाही.”

माइकची खरं तर काही गरज नव्हती. बस लहान होती आणि मुलं वीसेक. पण वीरेंद्रभाऊ सहलीचे गाईड होते, आणि हातात माइक नसेल तर ते लोकांना कळणार कसं? पांढुर्ण्याहून सकाळी बस सुटली, तेव्हापासून त्यांनी तो खाली ठेवला नव्हता.

नाताळ होऊन दोनच दिवस झाले होते. शाळेच्या स्मिता मॅडमनी सुट्टीतली ही सहल काढली होती. आधी मोहगावजवळच्या टेकडीवरची मरियम मातेची गुहा, मग बोरगावच्या बाजूचं जुनं दगडी चर्च आणि संध्याकाळी थेट नागपूरचं मोठं चर्च. तिथली रोषणाई पाहायला मिळणार म्हणून तर निम्मी मुलं आली होती. मुलं बसमध्ये आणि घरची मोठी माणसं मागच्या ट्रॅव्हलरमध्ये, अशी वाटणी झाली होती.

“केतन, पाय खाली घे न,” आठवीतली तेजस्विनी म्हणाली. “तुझे बूट सगळ्यांनी पाहिले.”

“तू नाही पाहिले नीट. रात्री चमकते हे,” केतन म्हणाला. बूट कालच घेतले होते, त्यामुळे त्याचे पाय जमिनीवर नव्हतेच.

खिडकीशी बसलेली पाचवीतली इंदू हसली. तिची आजी, कलाबाई, मागच्या ट्रॅव्हलरमध्ये होती. इंदू आली होती ती आजीमुळेच. या टेकडीवर आजीचं काहीतरी काम होतं.

गुहा सगळ्यांना आवडली. निळा पदर घेतलेली मरियम, तिच्यापुढे मेणबत्त्या, आणि मेणबत्त्यांच्या शेजारी कोणी ठेवलेला नारळ. तिथून वर टेकडीच्या माथ्यापर्यंत पायवाट गेली होती. तिला क्रुसाची वाट म्हणतात, आणि तीही चपला खाली पायरीशी काढूनच चढायची असते. वाटेवर थोड्या थोड्या अंतरावर येशूच्या शेवटच्या प्रवासाची चित्रं होती आणि माथ्यावर मोठा पांढरा क्रूस. वीरेंद्रभाऊंनी खालूनच हात करून तो दाखवला आणि जेवणाचे डबे उघडायला सांगितलं.

“तू जेव,” कलाबाई इंदूला म्हणाल्या आणि हातातली पिशवी त्यांनी तिच्याकडे दिली. “मी वर क्रुसापाशी जाऊन येतो.”

त्यानंतर सगळी घाईच झाली. मुलांचे हात धुऊन होतात न होतात तोच बसचा हॉर्न वाजू लागला. वीरेंद्रभाऊंनी गुहेची पायरी पाहिली, ती रिकामी होती. “चला,” ते म्हणाले, आणि ड्रायव्हरनं गाणं लावून गाडी काढली. आजी मागे चढली असेल, असं इंदूला वाटलं. ट्रॅव्हलरमधल्यांना वाटलं, कलाबाई नातीजवळ बसल्या असतील.

बोरगावपाशी दगडी चर्चसमोर गाड्या थांबल्या. सगळे आत गेले. इंदू मात्र पिशवी घेऊन ट्रॅव्हलरकडे धावली. आजीची शुगरची गोळी पिशवीत होती, मोबाइल पिशवीत होता, शालही पिशवीतच होती.

पाच मिनिटांनी ती परत आली तेव्हा तिचा चेहरा पाहून तेजस्विनीनं हातातलं बिस्कीट खाली ठेवलं.

“आजी नाही तिथं,” इंदू म्हणाली.

तिघं जण वीरेंद्रभाऊंकडे गेले. ते चर्चच्या दाराशी उभे राहून फोनवर नागपूरच्या हॉटेलवाल्याशी जेवणाचं ठरवत होते. त्यांनी फोनवर हात ठेवला. “मागच्या सीटवर शाल पांघरून झोपली आहे तुझी आजी. मी स्वतः पाहिलं.”

“पण शाल तर माझ्याजवळ आहे,” इंदू म्हणाली. तोवर ते पुन्हा फोनवर गेले होते.

मुलं धावत ट्रॅव्हलरपाशी गेली. मागच्या सीटवर खरंच कोणीतरी शाल घेऊन झोपलं होतं. तेजस्विनीनं हळूच शाल बाजूला केली. त्या स्मिता मॅडम होत्या. वळणांचा रस्ता त्यांना सोसत नाही, सकाळपासून तीनदा उलटी झाली होती आणि आता गोळी घेऊन त्या गाढ झोपल्या होत्या.

“मॅडम, कलाबाई टेकडीवरच राहिल्या,” तेजस्विनीनं त्यांना हलवलं.

“हं… सगळे बसले ना?” मॅडम डोळे न उघडता म्हणाल्या आणि कुशीवर वळल्या.

बाहेर दादारावकाका उन्हात बसले होते. वीज मंडळातून निवृत्त झालेला शांत माणूस. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि वीरेंद्रभाऊंना हाक मारून विचारलं. वीरेंद्रभाऊ म्हणाले, “काका, पायरी साफ पाहूनच निघालो मी. बाई चर्चमध्येच असेल कुठं तरी.” दादारावांना ते पटलं. चर्चमधून बाहेर येणाऱ्या इतरांनाही पटलं. तो नियम सगळ्यांनाच पटायचा, कारण त्यात कोणाला उठून काही करायचं काम नव्हतं.

तिघांनी चर्च पालथं घातलं. बाकांखाली पाहिलं, मागच्या कबरींमध्ये फिरून हाका मारल्या. कलाबाई कुठंच नव्हत्या.

“पण मग चप्पल?” केतन म्हणाला. “आजी वर असती तर चप्पल पायरीवर दिसली असती न?”

इंदूनं मान खाली घातली. “आजी चप्पल घालतच नाही. मागच्या वर्षी मले डेंगू झाला होता न, तवा तिनं मेरीमायले नवस बोलला. वर्षभर अनवाणी राहीन म्हणे. आज वर जाऊन नवस फेडाचा होता.” मग ती रडायला लागली. “माझ्यासाठीच राहिली ती अनवाणी.”

तेजस्विनीनं तिला केतनजवळ बसवलं. ती पुन्हा वीरेंद्रभाऊंकडे गेली आणि एका दमात सगळं सांगितलं.

“डिसेंबरात अनवाणी?” ते हसले. “कायच्या काय सांगून राहिली तू. चला, बसा आता. उशीर झाला तर नागपूरची रोषणाई हुकेल, मग तुम्हीच रडाल. तिथं पोचल्यावर पाहू.”

नागपूरला पोचून परत यायचं म्हणजे रात्र. डिसेंबरातली रात्र, उघडी टेकडी, आणि शुगरची गोळी इथं पिशवीत. मोठ्यांपैकी एकालाही खरं वाटत नव्हतं. इंदूनं कलाबाईंच्या मोबाइलवरून मोहगावच्या फादरना फोन लावायचा म्हटलं, तर त्यात ना रेंज होती ना फादरचा नंबर. ड्रायव्हर म्हणाला, “मी भाऊ सांगन तिकडं गाडी नेतो, पोट्ट्याहो.” इतका वेळ नुसतं धावून तिघांच्या हाती काहीच लागलं नव्हतं. तेजस्विनीला इतका राग आला की तिला धड रडताही येईना.

“हा माणूस आपलं आयकत नाही, मॅडम उठत नाही,” ती म्हणाली. “फक्त चपलेचं आयकते.”

केतन तिच्याकडे पाहत राहिला. मग त्यानं स्वतःच्या बुटांकडे पाहिलं. नुसते मोजे घालून तो बसमध्ये चढला आणि सीटवर पाय वर घेऊन बसला.

वीरेंद्रभाऊ चर्चच्या पायरीपाशी आले आणि थबकले. पायरीच्या अगदी मधोमध एक नवा कोरा बुटांचा जोड होता.

“कोण राहिलं?” त्यांनी माइकवर विचारलं. “अरे, बूट कोणाचे आहेत?”

बसमध्ये सगळी मुलं गप्प. तेजस्विनीनं डोळे वटारून सगळ्यांना आधीच ताकीद दिली होती.

“जाऊ द्या, कोणी तरी विसरलं असेल,” वीरेंद्रभाऊ चाचरत म्हणाले.

“असं कसं जाऊ द्या?” दादाराव ट्रॅव्हलरमधून उतरले. “चप्पल आहे म्हणजे माणूस आहे, तुमचाच नियम आहे न तो? एखादं पोरगं आत अडकलं असलं तर? नाव घेऊन हजेरी घ्या सगळ्यांची. त्याबिगर गाडी हालणार नाही.”

सगळे उतरले. हजेरी सुरू झाली. एकेक मूल ‘हजर’ म्हणत गेलं. केतनही म्हणाला, मोजे लपवत, इंदूच्या मागे उभा राहून. मग मोठ्यांची नावं आली.

“कलाबाई.”

कोणी हजर म्हणालं नाही. वीरेंद्रभाऊंनी पुन्हा नाव घेतलं, या वेळी माइकशिवाय. चर्चसमोर इतकी शांतता झाली की मागच्या संत्र्याच्या बागेतला पंप ऐकू यायला लागला. गलक्यानं जागी झालेल्या स्मिता मॅडम ट्रॅव्हलरच्या दारात उभ्या होत्या. त्यांनी इंदूचा चेहरा पाहिला आणि त्यांची झोप पार उडाली.

“गाडी फिरवा,” त्या म्हणाल्या. “आत्ताच्या आत्ता.”

परतीचा रस्ता संपता संपेना. वाटेत सौंसर गावापाशी संत्र्यांच्या गाड्यांची लांब रांग लागली होती आणि बस तिच्यामागे मुंगीच्या पावलांनी सरकत होती. मोहगावच्या फादरचा फोन मॅडम लावत होत्या, तो लागत नव्हता. ऊन उतरत चाललं होतं. इंदू पिशवी पोटाशी धरून बसली होती. तिला धीर द्यावा असं तेजस्विनीला वाटत होतं, पण आजी सापडेलच असं म्हणायची तिची हिंमत होईना. तिनं इंदूचा हात तेवढा धरून ठेवला.

टेकडीखाली गाडी थांबताच इंदू सुटली. तिच्यामागे तेजस्विनी, तिच्यामागे मोज्यांवर केतन.

“तुझे बूट?” तेजस्विनीनं धापा टाकत विचारलं.

“तिथंच राहिले. घाईत कोणी उचलले नाही,” केतन म्हणाला. पायात काटा गेला तसा तो ओरडला, पण थांबला नाही.

टेकडीच्या निम्म्याच्या वर, क्रूस खांद्यावर घेऊन येशू खाली पडला आहे अशा चित्राजवळ, कलाबाई दगडाला टेकून बसल्या होत्या. उजवा घोटा सुजून टम्म झाला होता आणि ओठ सुकले होते.

इंदू त्यांच्या गळ्यात पडली. “आवाज कायले नाही दिला व आजी?”

“देल्ला न माय. पाय मुरगळला, उठताच येईना. वरून तुमची बस दिसत होती. पदर हालवला, लय हाका मारल्या. तो गाना एवढा जोरानं लावला होता, कोणाले आयकू जाईन?” मग त्यांनी चित्राकडे पाहिलं. “तोही इथंच पडला, मीही इथंच पडली. त्याच्यासंग बोलत बसली मग.”

तेजस्विनीनं गोळी आणि पाणी दिलं, केतननं बिस्किटं दिली. कलाबाईंनी पाणी घेतलं आणि इंदूच्या तोंडावरून हात फिरवला. “माह्यासाठी नाही भ्याली मी. पोट्टीले भूक लागली तर ते कोणाले मांगन, हेच डोक्यात होतं.”

तोवर मोठी माणसं धापा टाकत वर आली. मॅडमनी कलाबाईंना शाल पांघरली आणि तिघा मुलांना जवळ घेतलं. “चूक माझी,” त्या म्हणाल्या. “माझ्या भरवशावर आला होता तुम्ही, आणि मीच झोपले. आज तुम्ही तिघं नसता तर रात्र यांनी इथंच काढली असती.” दादारावांनी केतनच्या फाटलेल्या मोज्यांकडे पाहिलं, सगळं त्यांच्या लक्षात आलं, आणि त्याची पाठ थोपटत ते म्हणाले, “डोकं चालवलं बाप्पा पोट्ट्यानं. आम्ही एवढे मोठे असून उन्हात बसून राहिलो.”

वीरेंद्रभाऊ सगळ्यांच्या मागे उभे होते. ते पुढे आले आणि कलाबाईंसमोर हात जोडून उभे राहिले. “माफ करा, माय. चूक झाली.”

“माले कायची माफी मांगतं?” कलाबाई म्हणाल्या. “माले तं तू पाहेलच नव्हतं. या पोट्टीनं तुले सांगतलं होतं. तिले मांग.”

वीरेंद्रभाऊ इंदूकडे वळले. एवढा उंच माणूस, पण गुडघे टेकून तिच्यासमोर बसला. “चुकलं, बेटा. तू सांगत होती, मी आयकलं नाही.”

सगळे इंदूकडे पाहू लागले. ‘जाऊ द्या’ असं ती म्हणेल, असं प्रत्येकाला वाटत होतं. लहान मुलांनी असंच म्हणायचं असतं.

इंदू तसं म्हणाली नाही. तिनं डोळे पुसले आणि सरळ त्यांच्याकडे पाहून म्हणाली, “आजीले पाठीवर घ्या. पहिले सौंसरच्या दवाखान्यात न्या.”

वीरेंद्रभाऊंनी पाठ वळवली आणि मॅडमनी आणि दादारावांनी मिळून कलाबाईंना उचलून त्यांच्या पाठीवर बसवलं. इंदू पुढे झाली आणि एकेक दगड दाखवत त्यांना खाली घेऊन चालली. ती थांब म्हणाली की ते थांबत होते.