राखाडी कोटाने पाहिलं

"वन्सं, त्याला निजताना पाठीवर हात लागतो हं… तेवढं विसरू नका!"

किती वर्षं लोटली त्या आवाजाला! एक पाय खालच्या पायरीवर, एक वरच्या. काखेत एवढीशी पिशवी. आणि मान वळवून वहिनी बोलत होती. दोन-चार दिवसांत परतणारी बाई घाईघाईत सांगून जाते ना, तसंच ते सांगणं होतं. माहेरी तिचे वडील अंथरुणाला खिळले होते, आणि दादाने बजावलं होतं, "जातेस तर जा, पण मग हे दार तुला नाही." रागाच्या भरात माणूस बोलतो आणि दुसऱ्या दिवशी विसरतो, असंच दोघी नणंद-भावजयांनी धरलं होतं. पण दादा विसरला नाही! वहिनी परत आली तेव्हा तो बंद दाराला पाठ लावून आत उभा होता… आणि त्याची बहीण, आत्या, मागच्या खोलीत वहिनीच्या छोट्या चिमणला छातीशी घट्ट धरून बसली होती, त्याच्या दोन्ही कानांवर आपले तळवे दाबून. बाहेरची हाक लेकराच्या काळजाला लागू नये म्हणून!

चिमणला सांगितलं गेलं, आई आपल्याला सोडून गेली. त्याने ते पाढ्यासारखं पाठ केलं.

पुढे दादाही अकाली गेला. जाण्याआधी त्याने बहिणीचा हात ओढून झोपलेल्या मुलाच्या डोक्यावर ठेवला. "याची शपथ आहे तुला. तिला पत्र नाही, फोन नाही, निरोप नाही. आणि याला कधी काही सांगायचं नाही." मरणाऱ्या भावाला नाही म्हणायला दगडाचं काळीज लागतं, ते तिच्यापाशी नव्हतं. तेव्हा तिचं लग्न ठरलेलं होतं, घड्याळं दुरुस्त करणाऱ्या एका अबोल, भल्या माणसाशी. त्याच्या घरच्यांनी विचारलं, "हे मूल कुणाचं?" ती म्हणाली, "माझं." त्या एका शब्दावर लग्न मोडलं, आणि ती जन्मभराची आत्या झाली.

रफू करणं हे तिचं काम. कपडे धुण्या-इस्त्रीच्या एका दुकानाच्या मागच्या खोलीत, खिडकीच्या उजेडात, ती फाटलेल्या कापडाच्याच कडेतून धागा सोडवून घ्यायची आणि भोकावर उभे-आडवे असे विणायची, की धन्यालाही जागा सापडू नये. गिऱ्हाइकांची नावं तिच्या ध्यानात राहत नसत, कपडे राहत. म्हणून तिच्या फोनमध्ये माणसं नव्हतीच, होते ते कपडे! 'निळा सदरा', 'बटणवाल्या म्हातारीची शाल', 'लग्नातला जळका सूट'. चिमण पोट धरून हसायचा. "आत्या, तुला पोलिसांनी पकडलं तर म्हणतील, ही बाई खुंट्यांशी बोलते!"

एके दुपारी दुकानात एक राखाडी कोट आला. कोटाच्या आत वहिनी होती.

केस पिकलेले, चष्म्याची काच जाड, पण वळून बघायची ती लकब तीच… दोघी काउंटरच्या दोन बाजूंना उभ्या राहिल्या. मध्ये काच, काचेखाली बटणांचे पुठ्ठे. वाफेच्या इस्त्रीचा फुसकारा तेवढा ऐकू येत होता.

"बाहीला भोक पडलंय," वहिनी म्हणाली. "जमेल का?"

"जमेल."

"झालं की… कळवाल?"

फोनचा नंबर सांगताना ती दोनदा चुकली. आत्याने तो 'राखाडी कोट' म्हणून टिपून ठेवला. कोट झाल्यावर "तयार आहे" इतकंच कळवलं. धंद्याचा निरोप, त्याने शपथेला बाध येत नाही, असं मनाला समजावलं. कोट न्यायला आली तेव्हा वहिनी बाहीवरची ती जागा बोटांनी शोधत राहिली. ती सापडली नाही, तशी डोळे टिपत निघून गेली.

चिमण तेव्हा नोकरीसाठी दूर शहरात गेला होता. दुकानांच्या जाहिराती करायचा. त्यानेच जाताना आत्याला फोनवर स्टेटस लावायला शिकवलं होतं. "तुझ्या रफूचे फोटो टाक. एक दिवस दिसतं, मग आपोआप जातं. आणि इथे खाली बघ, कुणी कुणी पाहिलं तेही कळतं." लहानपणी ऐकलेल्या गाण्यांच्या चालीवर आत्याला दोन ओळी सहज जुळवता येत, फोटोखाली तिने त्या लिहिल्या. आणि संध्याकाळी पाहणाऱ्यांमध्ये नाव आलं… राखाडी कोट.

आत्याने ते नाव तीनदा वाचलं! दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. तिसऱ्या दिवशी तिच्या मनात एक चोरटा, हळवा विचार आला. पत्र नाही, फोन नाही, निरोप नाही… पण आपण आपल्या खिडकीत दिवा लावला आणि वाटसरूला त्याचा उजेड मिळाला, तर त्यात दिव्याचा काय अपराध? त्या दिवशी तिने लिहिलं:

*दूर गावी माझा चिमण, घसा त्याचा गं बसला,*
*'बरा आहे' म्हणताना किती उगाच हसला.*

निळ्या सदऱ्याने ते वाचलं आणि पुढे सरकला. जळक्या सूटने अंगठा दाखवला. पण ज्या एका काळजासाठी त्या ओळी होत्या, तिथे त्या पोहोचल्या! मग रोज संध्याकाळी असंच. चिमणला नवे बूट चावले, चिमणला पगारवाढ मिळाली, चिमण सुट्टीला येतोय. एक दिवस ते सांगणं झळके, आणि दुसऱ्या दिवशी पुसलं जाई. मागे ना खूण, ना पुरावा. शपथही शाबूत, आणि आईही उपाशी नाही. चिमणही ते वाचायचा, आणि म्हणायचा, "आत्या, तू माझी बातमीदार आहेस काय गं?"

सुट्टीला आला तेव्हा एका दुपारी तो सवयीप्रमाणे पालथा झोपला होता. आत्याने त्याच्या पाठीचा फोटो काढला, आणि खाली लिहिलं:

*निजे पालथा अजून, पाठ उघडी सोडून,*
*कुण्या पाखरिणीचा हात गेला तिथेच राहून.*

राखाडी कोटाने ते पाहिलं. लगेच पाहिलं.

चिमणनेही पाहिलं, परतीच्या प्रवासात. त्याला इतकं भरून आलं, की त्याने त्या स्टेटसचा स्क्रीनशॉट घेतला आणि हजारो लोक बघायचे त्या आपल्या पानावर लावून टाकला. वर लिहिलं, "ही माझी आत्या. हिच्यापुढे आम्ही सगळे नापास!" आत्याला विचारावं, हे त्याच्या मनातसुद्धा आलं नाही. स्वतःच्या घरातला तांब्या उचलताना कुणी विचारतं का?

सकाळी इस्त्रीवाले काका दारातूनच ओरडले, "आत्याबाई, गाजलात की! माझी इस्त्री तापायच्या आत तुमची ओळ गावभर!" त्यांनी आपला फोन पुढे धरला. आत्या एकेक ओळ वाचत खाली खाली जाऊ लागली. 'ही पाखरीण कोण रे भाऊ? जुनं लफडं आत्यालाही माहीत?' 'आई नाही वाटतं बिचाऱ्याला.' आणि त्याखाली चिमणचं उत्तर: 'आई होती. टाकून गेली. आत्याच माझी आई.' मग काय विचारता! ओळख ना पाळख, अशा माणसांनी त्या न पाहिलेल्या बाईला घातलेल्या शिव्यांची रांगच रांग… 'असल्या बायकांना मूल होतंच कशाला?'

आणि हे सगळं ती वाचत असेल! जाड काचेच्या चष्म्यातून, एकेक अक्षर लावत…

त्या संध्याकाळी आत्याने नुसता एका रफूचा फोटो लावला. निळ्या सदऱ्याने पाहिला, शालवाल्या म्हातारीने पाहिला. राखाडी कोटाने पाहिला नाही.

"काढून टाक ते, चिमण," तिने फोनवर सांगितलं.

"का पण? लोक वेडे झालेत, आत्या! एक बाई लिहिते, तुझी ओळ वाचून रडले मी."

"मी त्या बाईसाठी लिहिली नव्हती."

"मग कुणासाठी? आणि पाठ तर माझीच आहे ना त्यात?"

"पाठ तुझी. ओळ माझी होती रे… एका दिवसापुरती होती. मला एकदा विचारायचं तरी होतंस!"

"घ्या! मी कौतुक केलं तर हा गुन्हा?" त्याचा आवाज चढला. "मरमर मरून तू मला वाढवलंस, हे चार लोकांना कळलं तर काय बिघडलं? पण तुला ना, माझं काही चांगलं बघवतच नाही हल्ली!"

त्याने फोन ठेवला. खरं सांगावं तर शपथ मोडते, न सांगावं तर मुलगा तुटतो. आणि त्याहून खोल, स्वतःशीही न उच्चारलेलं एक भय… त्याला त्याची आई मिळाली, तर मग आपण कोण?

पुढचे दिवस कसे गेले ते तिचं तिलाच ठाऊक. चिमणचा फोन येईना. तीही स्टेटस लावीनाशी झाली, कुणासाठी लावायचं? संध्याकाळ झाली की हात आपोआप फोनकडे जाई आणि रिकामाच परत येई. एका माणसाचा स्वयंपाक, एका माणसाचं ताट, एका खुर्चीवर बसून दुसरीकडे बघत राहणं… पूर्वीही ती एकटीच होती की! पण तेव्हा त्या इवल्याशा पडद्यापलीकडे आणखी एक एकटी जागी असायची, आणि दोन एकटेपणांची जणू सोबत व्हायची. आता तीही उरली नव्हती. जगाच्या तोंडी तिची ओळ होती, आणि तिच्याशी बोलायला जगात कुणी नव्हतं!

"आत्याबाई, हल्ली ओळी आटल्या वाटतं?" काकांनी एकदा हळूच विचारलं.

"धागा संपला, काका," ती म्हणाली, आणि सुई ओवत राहिली. काकांनी आपला चहा निम्मा करून तिच्यापुढे ठेवला.

आणि मग एका दुपारी, दुकानात गिऱ्हाईक नसताना, मागच्या खोलीच्या दारात चिमण उभा राहिला. दाढी वाढलेली, खांद्यावर बॅग तशीच.

"काढून टाकलं मी ते," तो म्हणाला. "ज्यांनी ज्यांनी पुढे पाठवलं होतं, त्यांनाही एकेकाला लिहितोय, माझ्या आत्याचं आहे, तिला न विचारता लावलं होतं, कृपा करून काढा. काही काढतात. काही हसतात."

आत्याने मांडीवरचं कापड बाजूला ठेवलं. त्याला बघूनच तिचा सगळा राग वितळला होता.

"मला वाटलं, एका दिवसात नाहीसं होणारं काही चांगलं मी वाचवतोय," तो म्हणाला.

"वाचवलं नाहीस रे, राजा… उघड्यावर आणलंस."

"मी आधी विचारलं असतं, तर?"

"नाही म्हटलं असतं."

"मग नसतं लावलं, आत्या. खरंच नसतं लावलं." तो खाली जमिनीवरच बसला, तिच्या पायांपाशी. मग म्हणाला, "मला एका बाईंचा फोन आला होता. ऑफिसात, पानावर तिथला नंबर आहे ना. म्हणाल्या, 'तुमच्या आत्यांनी ते एका दिवसासाठी सांगितलं होतं, तुम्ही कायमचं करून ठेवलंत. त्यांना विचारलंत का?' मी म्हटलं, तुम्ही कोण? तर म्हणाल्या, 'कुणी नाही. गिऱ्हाईक आहे त्यांची.'"

हातात राहिलेली सुई आत्याच्या बोटात रुतली. तिला कळलंसुद्धा नाही.

"मला राग आला. मी म्हटलं, तुम्हाला काय करायचंय? तर इतकंच म्हणाल्या, 'मला शिव्या पडल्या तर पडू देत, त्यांच्या ओळीला नकोत.' मला काही अर्थच लागेना! आणि फोन ठेवता ठेवता…" चिमणचा आवाज एकदम लहान मुलासारखा झाला. "…म्हणाल्या, 'आणि पालथं निजत जाऊ नका हो. मान आखडते. लहानपणीसुद्धा आखडायची.'"

पलीकडच्या खोलीत इस्त्री फुसकारली आणि थांबली.

"आत्या, कोण आहे ती?"

"विचारू नकोस."

"माझ्या लहानपणीची मान तिला कशी ठाऊक?"

"नको रे! तुझ्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतलीय मी. तुझ्या बाबांनी घ्यायला लावलीय. तुझ्या जिवाला काही झालं तर…" तिला हुंदका आवरेना. "आणि सांगितलं, तर मी कुणाचीच उरणार नाही, चिमण!"

जिच्या पदराला धरून तो मोठा झाला, ती ही बाई त्याच्यापुढे अशी भेदरून कधीच बसली नव्हती. त्याने तिचा हात उचलला, सुईने टोचून खरखरीत झालेला, आणि आपल्या डोक्यावर ठेवला. वर स्वतःचा हात दाबून धरला.

"डोकं माझं आहे ना? मग शपथही माझी. मी सोडवली. आणि तू कुणाची ते मला विचार, आत्या… माझी आहेस. उद्याही असशील. आता बोल."

त्या हाताखालचे केस अजून तसेच कुरळे होते. आत्याने डोळे मिटले. इतकी वर्षं जीभ ज्या शब्दाभोवती नुसती फिरत राहिली होती, तो शब्द एवढासा होता! एवढासा, आणि केवढा जड…

"ती तुझी आई आहे, चिमण," ती म्हणाली. "तुला टाकून नाही गेली ती. परत आली होती, आपण दार उघडलं नाही. आणि तेव्हापासून आजवर… तिने तुला सोडलेलं नाही रे, एकाही संध्याकाळी सोडलेलं नाही!"