बर्सब्बाची खुर्ची

“ती माझी खुर्ची आहे.”

मी मान वर केली. किडकिडीत, उंच माणूस… चष्म्यावर पावसाचे थेंब, हातात निथळणारी छत्री. ग्रंथालयातला माझा तो पहिलाच दिवस होता आणि त्यातल्या त्यात बरी खुर्ची बघून मी बसले होते.

“नाव कुठं लिहिलंय?” मी विचारलं.

त्यानं खरोखरच वाकून खुर्चीची पाठ तपासली. “नाही लिहिलेलं,” असं प्रामाणिकपणे कबूल केलं आणि तो शेजारच्या खुर्चीवर बसला. तिचा एक पाय आखूड होता. पुढचे आठ महिने तो त्याच डुगडुगत्या खुर्चीवर बसला आणि एकदाही तक्रार केली नाही. मी मात्र दुसऱ्या दिवसापासून बरी खुर्ची हक्कानं वापरू लागले.

आमच्या संस्थेत तेव्हा ख्रिस्ताच्या पहिल्या मंडळीच्या वृत्तांतावर साध्या वाचकांसाठी भाष्य तयार होत होतं. गुरू डोळ्यांआड झाल्यावर मागे उरलेली मूठभर माणसं एकत्र कशी राहिली, कुठं भांडली, कशी वाढली, ते सगळं अठ्ठावीस अध्यायांत आहे. आम्ही दोघं त्या कामावर मदतनीस. कुठला शब्द शास्त्रात, म्हणजे बायबलमध्ये, कुठं कुठं आला आहे ते सांगणारी जाडजूड शब्दसूची एकच, आणि ती टेबलाला साखळीनं बांधलेली. कधीकाळी कुणीतरी ती पळवली होती म्हणे. एवढं धूड काखोटीला मारून पळणाऱ्या माणसाला भेटायला मला आवडलं असतं.

तर सूची एक, म्हणून टेबल एक. मला हवी ती ओळ सापडली की मी लिहून घेईपर्यंत तो तिच्यावर बोट ठेवून थांबायचा. मी कधी कधी मुद्दाम सावकाश लिहायचे. ग्रंथालयातले कारकूनकाका त्याला ‘परंतु’ म्हणत, कारण त्याचं निम्मं बोलणं त्याच शब्दानं सुरू व्हायचं.

आमचं खरं भांडण पहिल्याच अध्यायावरून झालं. बारा शिष्यांपैकी एकानं दगा दिला, जागा रिकामी झाली. ती भरायला दोन नावं पुढं आली, मंडळीनं प्रार्थना करून चिठ्ठ्या टाकल्या आणि मत्थियाची चिठ्ठी निघाली. दुसऱ्याचं नाव योसेफ, त्याला बर्सब्बा म्हणत, शिवाय युस्त हे उपनाव.

“तीन नावांचा माणूस हरला आणि एका नावाचा जिंकला,” मी म्हटलं. “पुढं काय झालं असेल हो त्याचं?”

“निघून गेला असेल.”

“कशावरून?”

“पुढं कुठंच उल्लेख नाही. आणि… हरलेला माणूस जिंकलेल्याच्या शेजारी बसत नाही.”

“हे शास्त्रात आहे?”

“हे माझ्यात आहे,” तो म्हणाला. “मी गेलो असतो.”

“अहो, पण नाव सुचवण्याची अटच काय होती? पहिल्या दिवसापासून सगळ्यांबरोबर फिरलेला माणूस हवा. म्हणजे इतके दिवस तो काही पद नसताना चालतच होता ना? पद मिळालं नाही म्हणून कशाला जाईल?”

“परंतु चिठ्ठी निघाली नव्हती तोवर आशा होती.”

“आशेसाठी चालत होता, असं तुम्हाला वाटतं?”

त्यानं माझ्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं. मग चष्मा काढून पुसत बसला. चष्मा स्वच्छच होता.

त्याच सुमाराला मला कळून चुकलं की हा माणूस मला आवडतो. मी ते कुणाला सांगितलं नाही. सांगण्यासारखं तरी काय होतं? एक बोट, एक डुगडुगती खुर्ची.

मग मदतनीसांची कामं बंद करून संस्थेनं कायम संपादकाची एक जागा काढली. एकच. अर्ज आम्हा दोघांचे. ती जागा मला मनापासून हवी होती. दुपारच्या शाळेतली नोकरी हाताशी होती, पण तिथं फळ्यावर तारीख लिहिण्यापलीकडं डोकं चालवायला वाव नव्हता. समितीत सहा माणसं, मतं तीन-तीन. तेव्हा संस्थेच्या प्राचार्यांना एकदम स्फूर्ती झाली. “आपण ज्या अध्यायावर आहोत त्याच अध्यायाची रीत पाळू या. चिठ्ठ्या टाकू.”

“सर, त्यानंतर मंडळीनं चिठ्ठ्या टाकल्याचं पुढं कुठंच लिहिलेलं नाही,” मी म्हणाले.

“परंतु सर, ते खरं आहे,” तोही म्हणाला. आठ महिन्यांत पहिल्यांदाच आमचं एकमत झालं, आणि तेही कुणी ऐकलं नाही.

खडूच्या रिकाम्या डब्यात दोन चिठ्ठ्या पडल्या. त्याची निघाली. चिठ्ठीला खडूची भुकटी लागली होती, ती त्याच्या बोटांना लागली… एवढंच मला नीट आठवतं. कारकूनकाका कामाचा माणूस. त्यांनी तासाभरात डुगडुगती खुर्ची उचलून माळ्यावर नेली. संपादक एक, तर खुर्ची एक.

जिन्यात त्यानं मला गाठलं. “मी जागा सोडतो. तू घे.”

‘तू’ म्हणाला, हे त्याच्या लक्षातही आलं नव्हतं.

“मत्थियानं जागा परत केल्याचं कुठं लिहिलंय?”

“परंतु—”

“अभिनंदन,” मी म्हणाले आणि खाली उतरले. बऱ्यापैकी ताठ मानेनं उतरले, असं मला वाटतं.

घरी आई मटार सोलत होती. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाली, “आठ महिने जेवताना ऐकत्येय, तुझा तो कोण बर्सब्बा हरला तरी राहिला म्हणून. आणि बाईसाहेब स्वतः पिशवी भरून घरी! लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण.”

“मी आता तिथं कोण म्हणून जाऊ, आई?”

“आधी कोण म्हणून जात होतीस?”

मी तिच्यासमोर बसून मटार सोलू लागले. जागा गेल्याचं वाईट वाटत होतं, खोटं कशाला बोलू? पण उद्यापासून ओळीवर बोट ठेवून कुणी थांबणार नाही, हे मला त्याहून सहन होत नव्हतं. ग्रंथालय सकाळी कुणालाही खुलं असतं आणि शाळा दुपारची. आईनं माझ्या पुढ्यातला वाडगा ओढून घेतला, कारण मी दाणे सालांत टाकत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गेले. उभं राहून वाचायची तयारी ठेवली होती.

टेबलापाशी दोन खुर्च्या होत्या. बरी खुर्ची रिकामी. तिच्या शेजारी एक निळी, स्वयंपाकघरातली, पाठीवर हळदीचे डाग असलेली, आणि तिच्यावर तो. समोर दुसरा अध्याय उघडा आणि एका ओळीवर त्याचं बोट.

“वाच,” तो म्हणाला.

मी वाकून वाचलं. तो सणाचा दिवस आला तेव्हा ते सगळे एका ठिकाणी जमले होते, असं होतं तिथं.

“सगळे,” तो म्हणाला. “म्हणजे तोही. तो गेला नव्हता. मी चुकलो.”

“जिंकल्यावर चूक कबूल करणं सोपं असतं.”

“मत्थियाचंही नाव पुढं कुठं येत नाही, ठाऊक आहे? जिंकून त्यानं काय केलं कुणाला माहीत नाही. मला… मला एकट्याला या टेबलावर बसायचं नाहीये.” एवढ्या बोलण्यात एकही परंतु नव्हता.

 मी पदर सारखा केला. “ही खुर्ची कुठली?”

“घरची. आईची आहे. ती म्हणाली, कुणासाठी नेतोस?”

“मग?”

“सांगितलं. सगळंच सांगितलं… आठ महिन्यांचं.” त्याचे कान लाल झाले. “तर म्हणाली, खुर्ची परत आणशील तेव्हा तिलाही घेऊन ये.”

पलीकडं कारकूनकाका एकच फाईल तिसऱ्यांदा नीट लावत होते. मी बऱ्या खुर्चीवर बसले, पिशवीतून वही काढली आणि त्याचं बोट होतं ती ओळ उतरवून घेऊ लागले. अगदी सावकाश.

“काही बोलशील का?” तो म्हणाला.

“खुर्ची इथंच राहू दे,” मी म्हणाले. “अजून सत्तावीस अध्याय बाकी आहेत. तुझ्या आईला सांग, मी रविवारी येते.”