तळघरातले आमदार

इल्दाने दार उघडलं. समोर काळ्या सुटातला एक तरुण उभा होता, आणि तो दिसताच मागे स्वयंपाकघरात तिच्या आईच्या हातातली परात खाली पडली.

कारण साधं होतं. कॅनडातल्या त्या खाणगावात, केस्ट्रल क्रीकच्या इटालियन गल्लीत, पुढचं दार कुणी वाजवत नसे. शेजारी, पाद्री, दूधवाला, सगळे बाजूच्या दाराने थेट तळघरात उतरत. काळा सूट घालून पुढच्या दाराशी यायचा तो खाणकंपनीचा माणूस, आणि तोही अपघाताची बातमी घेऊन. इल्दाचे वडील त्या वेळी खाणीतच होते.

"बाबा...?" तिने एवढंच विचारलं.

तरुणाचा चेहरा पडला. "नाही, नाही, बाबांना काही झालेलं नाही. मी ओत्ताव्यो ब्रेसान. प्रांताच्या निवडणुकीला उभा आहे."

"मग कुणी गेल्यासारखे का उभे आहात?"

"पक्षाने कागदच छापून दिलाय — सूट घाला, पुढचं दार वाजवा." त्याने टोपी काढली. "मी इटलीहून आलो तो सरळ खाणीतच उतरलो. अकरा वर्षं होतो. मला कळायला हवं होतं."

"हवंच होतं. आता बाजूने या, आणि आईची माफी मागा."

तो खरोखरच घराला वळसा घालून आला. ऑक्टोबरचे दिवस, तळघर आंबणाऱ्या द्राक्षांच्या वासाने भरलेलं. इल्दाच्या आईने, सिन्योरा जेम्माने, माफी ऐकून घेतली आणि त्याला द्राक्षं पिळायच्या यंत्राचा दांडा दाखवला. बाह्या वर सारून तो तासभर दांडा ओढत राहिला. निघताना मत मागायचंच विसरला.

हा कसला उमेदवार? इल्दाला त्याचं कुतूहल वाटू लागलं ते तिथपासून.

तो निवडून आला. राजधानी दिवसभराच्या वाटेवर होती, तरी दर शनिवारी सकाळी आमदार ब्रेसान इल्दाच्या घरी, मार्कुत्सींच्या तळघरात हजर. कुणाचं पेन्शन अडलेलं, कुणाची खोकून खोकून छाती भरलेली. लोक बोलत आणि इल्दा त्यांचे अर्ज लिहून देई. ती शाळेत दुसरीला शिकवायची. तिचं इंग्रजी चोख होतं.

"आमदारसाहेब, गावात एवढं मोठं सभागृह आहे. आमचं तळघरच का?"

"इथली कॉफी चांगली असते."

"कॉफी आईच्या हातची असते."

"हो... ती आईच्या हातची असते," तो म्हणाला, आणि तिच्या बोटांना लागलेल्या शाईकडे बघत राहिला.

शेजारची निवेस मात्र टोमणा मारायला चुकत नसे. "चार मतं आहेत तुमच्या घरात. एवढं गोड बोलतो तो उगाच नाही, बाई."

इल्दा हसून सोडून द्यायची. पण प्रश्न मनात रुतून बसला. हा येतो तो मतांसाठी की... माझ्यासाठी? पुढाऱ्याचं हसू सगळ्यांसाठी सारखंच असतं. ओळखायचं कसं?

तीन वर्षांनी निवडणूक पुन्हा आली. खाणीची तपासणी आगाऊ न कळवता व्हावी, असा कायदा त्याने मांडला होता. कंपनीने काम कमी करण्याची धमकी दिली, लोक घाबरले, आणि ओत्ताव्यो एकसष्ट मतांनी पडला. त्याच तळघरात अर्ज लिहून घेतलेल्या काहींनीही त्याला मत दिलं नव्हतं.

आठवड्याभरात सरकारचं पत्र आलं. कामगार सुरक्षा मंडळाचा कारभार सांभाळा, पण पक्ष सोडावा लागेल. तो हो म्हणाला. आता राजधानीतच राहणं.

शनिवार उजाडला. कुणी आलं नाही. इल्दाने सवयीने मांडलेले कागद ती उचलू लागली, तोच जिना करकरला. साधा स्वेटर घातलेला ओत्ताव्यो खाली आला.

"आज अर्ज द्यायला कुणी नाही," ती म्हणाली.

"माहीत आहे."

"आणि तुम्हाला आता मतंही लागणार नाहीत. कधीच."

"नाही लागणार."

"मग... कशाला आलात?"

विधानसभेत दोन-दोन तास बोलणाऱ्या माणसाला शब्द जुळवायला बराच वेळ लागला. "मत मागणाऱ्याने तुम्हाला लग्नाचं विचारलं असतं, तर तुमचा विश्वास बसला असता?"

इल्दाने प्रामाणिकपणे विचार केला. "नसता बसला."

"म्हणून गप्प होतो."

"म्हणजे मुद्दाम हरलात की काय?"

"छे हो. जिंकायचं होतं मला, फार वाटत होतं. हरल्यावर दोन दिवस जेवलो नाही. मग सुचलं, की आता विचारता येईल. विचारू?"

तिने मान खाली घातली... पण हसू काही लपलं नाही. "विचारा. पण माझी शाळा जूनपर्यंत आहे. पोरांना अर्ध्या पुस्तकात सोडून मी येणार नाही."

"थांबेन की."

वरून सिन्योरा जेम्माचा आवाज आला, "इल्दा, तो थांबतोय का गं जेवायला?"

"थांबतोय, आई," इल्दा म्हणाली. "जूनपर्यंत."